एकच वाट, पुन्हा पुन्हा: चालत चालत गावाबद्दल कसं लिहावं

पुण्यावर लिहायला बसलं की पहिल्या परिच्छेदात वाडा येतो, दुसऱ्यात अंगणातला पारिजातक आणि तिसऱ्यात 'आता ते पुणं राहिलं नाही'. साताऱ्यावरच्या, नाशिकवरच्या, गिरगावावरच्या लेखांचंही बहुतेक हेच होतं, फक्त झाड बदलतं. हे सगळं घरात बसून, आठवणीतून लिहिलेलं असतं आणि आठवण फार चापूनचोपून बसलेली असते. तिच्यात गटाराचा वास नसतो, उधारीवरून झालेली बाचाबाची नसते, आज त्या जागी काय चाललंय ते तर नसतंच. या स्मरणरंजनावर मला ठाऊक असलेला एकच उतारा म्हणजे उठून चालायला लागणं. लांब जायची गरज नाही. दोन-तीन किलोमीटरची एकच वाट धरायची आणि वेगवेगळ्या वेळी, वेगवेगळ्या कामाला लावून ती पुन्हा पुन्हा चालायची.

पुढे सांगितलेली पद्धत ललित लेखासाठी आहे, तशी कथा-कादंबरीतलं गाव उभं करायलाही चालते. कवितेला किती उपयोगी पडेल ते ज्याचं त्यानं बघावं. उदाहरण म्हणून पुण्याच्या जुन्या पेठांमधली एक वाट घेतली आहे, कारण ती माझ्या पायाखालची आहे.

वाट ठरवणं

वाट ठरवताना 'प्रेक्षणीय' हा निकष आधी काढून टाका. हेरिटेज वॉकचा मार्ग दुसऱ्या कुणीतरी आधीच वाचून ठेवलेला असतो, आपण फक्त त्याच्या बोटाकडे बघत चालतो. तुमच्या वाटेत तीन गोष्टी असल्या म्हणजे पुरे. एक, ती कुठली तरी हद्द ओलांडणारी हवी: नदीकाठाकडून बाजाराकडे, एका धंद्याच्या आळीतून दुसऱ्या धंद्याच्या आळीत, एका समाजाच्या वस्तीतून दुसऱ्याच्या. दोन, तिच्यावर आज हातानं काम करणारी माणसं दिसायला हवीत. तीन, मध्ये कुठेतरी फुकट बसता यायला हवं. देवळाची पायरी, पार, बंद दुकानाचं जोतं, काहीही.

माझी वाट अशी: मुठेकाठच्या ओंकारेश्वरापासून निघायचं, शनिवारवाड्यासमोरून कसबा गणपती, तिथून तांबट आळी, पुढे फडके हौद चौक, मग रविवार पेठेत बोहरी आळी, सोन्या मारुती चौक, तुळशीबाग आणि शेवट मंडई. रमतगमत तासाभराची. शनिवारवाड्यात आत जाऊ नका, निदान लिहिण्यासाठी तरी नको. १७३० साली पाया घातलेला हा वाडा १८२८च्या आगीत जळाला, आता आत जोती आणि हिरवळ उरली आहे. दिल्ली दरवाजासमोरच्या पटांगणात मात्र दिवसभर काही ना काही घडत असतं.

पुण्यात राहत नसाल तर अडत नाही. गिरगावात फणसवाडी, कांदेवाडी, खोताची वाडी अशा वाड्या एकमेकींना चिकटून आहेत आणि दर वाडीचा नूर वेगळा आहे. कोकणात रस्त्यावरून घरापर्यंत उतरणारी पाखाडी घ्या. तिच्यावर रोज कोण चढतं, कोण फक्त मे महिन्यात आणि गणपतीला चढतं, एवढंच नोंदलं तरी एका गावाचा हिशेब हाती येतो. देशावरच्या गावात गावठाणातून वेशीपाशी आणि तिथून पाणंदीनं शेतापर्यंत जा. पाणंद कुणी किती दाबली यावरून भाऊबंदकीचा अर्धा इतिहास समजतो. आणि बारा मजली टॉवरांच्या वसाहतीत राहत असाल तर मुख्य फाटकापासून मागच्या मजुरांच्या पत्र्याच्या खोल्यांपर्यंत चाला. ती हद्द पेठांमधल्या कुठल्याही हद्दीपेक्षा उंच आहे.

सोबत काय घ्यायचं

खिशात किंवा पर्समध्ये मावेल एवढी डायरी आणि पेन्सिल. पावसात जेलपेनाची शाई पसरते, पेन्सिल टिकते. सुटे पैसे घ्या, कारण बोलणं बहुधा दहा-वीस रुपयांच्या खरेदीतून सुरू होतं. जाड तळव्याच्या बुटांपेक्षा साध्या चपला बऱ्या, फरशी संपून डांबर कुठे लागलं ते पायाला समजतं. फोन बंद नको, पण हातातही नको. फोन समोर धरला की माणूस सरळ उभा राहतो, केस नीट करतो आणि मुलाखत द्यायला लागतो. रेकॉर्डिंग तर अजिबात नको. घरी आल्यावर दोन तासांचा आवाज कुणी ऐकत बसत नाही.

बायकांसाठी एक वेगळी सूचना, कारण या विषयावरच्या बहुतेक सूचना पुरुषांनी पुरुषांसाठी केलेल्या असतात. पुरुष कट्ट्यावर नुसता टेकला तर कुणी विचारत नाही. बाई पाच मिनिटं कारणाशिवाय उभी राहिली की समोरच्या दुकानातून 'काय पाहिजे?' येतं आणि त्यानंतर नजरा सुरू होतात. मी म्हणून भाजीची पिशवी घेऊनच निघते. पिशवीत मेथीची एक जुडी असली की बाई कुठेही थांबू शकते. देवळाचा सभामंडप, बोहारणीची पथारी, बांगड्यांचं दुकान या आणखी काही हक्काच्या जागा. रात्रीची फेरी सोबतीनं करावी आणि ती सोबत गप्पा मारणारी नसावी.

पहिली फेरी रिकाम्या हातानं

पहिल्यांदा जाल तेव्हा काही वाचून जाऊ नका आणि वाटेत काही लिहू नका. वाचून गेलं की जे वाचलं तेच दिसतं. नुसतं चाला, घरी या आणि कोऱ्या कागदावर हातानं वाटेचा नकाशा काढा. गूगल नकाशा उघडायचा नाही. वळणं, दुकानं, देवळं, झाडं, गतिरोधक, आठवेल ते भरा.

मग कागद बघा. कुठेतरी दोनशे मीटरचा पट्टा साफ कोरा राहिलेला असतो. तिथे काही नव्हतं असं होणं शक्य नाही, तुमचं लक्ष नव्हतं. बहुतेकांच्या नकाशात खाण्याची ठिकाणं आणि देवळं भरलेली असतात, गॅरेज, गोदामं आणि सार्वजनिक संडास गायब असतात. ज्याला भाषेची आवड त्याच्या कागदावर पाट्या गर्दी करतात. पुढच्या फेरीत मुद्दाम त्या कोऱ्या पट्ट्यात वेळ घालवा. लेख पुष्कळदा तिथेच सापडतो.

घड्याळ बदला

वाट तीच ठेवून वेळ बदलणं हा या पद्धतीचा कणा आहे. पहाटे मंडईत टेंपो लागलेले असतात आणि भाजी अजून 'भाजी' झालेली नसते, ती पोती आणि क्रेट असते. हमालाच्या तोंडी त्या वेळी एकच शब्द असतो, 'बाजू'. १८८६ साली उघडलेल्या मंडईच्या त्या दगडी इमारतीचं मूळ नाव लॉर्ड रे मार्केट, पुढे महात्मा फुले मंडई झालं. पण पहाटे साडेपाचला इमारतीकडे मान वर करून बघणारा तिथे एकटा तुम्हीच असाल.

दुपारी एक ते चार. पुण्याच्या या वेळेवर विनोद करून झाले, आता तिचा उपयोग करू. शटर ओढलेली असली की दुकानाचा झगमगाट डोळ्यांना खेचत नाही आणि नजर आपोआप वर जाते. पहिल्या मजल्यावरचे लाकडी सज्जे, वाळत घातलेल्या साड्या, एसीच्या पेटीखाली बांधलेली पाणी झेलायची बाटली, अर्धा पाडलेल्या वाड्याच्या भिंतीत उघडे पडलेले कोनाडे, हे सगळं दुपारी दिसतं. कोनाड्यावर काजळीचा पट्टा असला तर तिथे दिवा लागत होता. ही नोंद 'भव्य वाडा होता' या वाक्यापेक्षा कितीतरी कामाची आहे.

संध्याकाळी तुळशीबागेत आपली चाल आपली राहत नाही. गर्दी जेवढं चालवेल तेवढंच चालायचं, आणि बाजार माणसाला कसं थांबवतो ते अंगाला कळतं. रात्री दहानंतर गल्ल्या दुचाकींनी निम्म्या होतात.

वर्षातले काही दिवसही राखून ठेवा. भाद्रपदात मांडव पडले की ओळखीची वाट बंद होते आणि बोळातून काढलेली पर्यायी वाट पहिल्यांदा दिसते. ज्येष्ठाच्या वद्य पक्षात पालख्या पुण्यात मुक्कामाला येतात. माउलींची पालखी भवानी पेठेत पालखी विठोबा मंदिरात, तुकोबांची नाना पेठेत निवडुंग्या विठोबाला. त्या दिवशी पेठेतल्या कुठल्या घराचं दार कुणासाठी उघडं असतं आणि ओट्यावर कोण अंग टाकतं ते बघा.

एका फेरीला एकच काम

सगळं टिपायचं ठरवलं की काही हाती लागत नाही. प्रत्येक फेरीला एकच काम द्या: आज फक्त कान, उद्या फक्त पाय, मग नाक. डोळे शेवटी, ते हावरट असतात.

कानांसाठी तांबट आळी. पेशवाईत कोकणातून येऊन वसलेल्या तांबटांची ही जुनी वस्ती. बंब, घंगाळी, हंडे, कळश्या इथे घडत आल्या. आता कामं कमी झाली, यंत्रं आली, पण ठोका अजून ऐकू येतो. आळीच्या तोंडाशी उभं राहा आणि हा आवाज 'ठणठण' हा शब्द न वापरता लिहून बघा. अडायला होतं. मग ऐकावं लागतं. ठोके किती हातांचे आहेत? मध्ये थांबतात ते कशासाठी? शेजारच्या दुकानातला माणूस फोनवर ओरडून बोलतो की दोन ठोक्यांच्या मधल्या जागेत बोलतो?

ऐकून झालं की जवळ जा. मठारकाम, म्हणजे भांड्यावर हातोड्याचे ठोके उमटवण्याचं काम, चाललेलं असेल तर कारागीर जमिनीवर बसलेला असतो, भांडं लोखंडी आधारावर पालथं टेकवलेलं असतं. घंगाळाच्या अंगावर हातोड्याच्या गोल खुणा एकीला एक लागून, ओळीनं उमटत जातात. लांबून वाटतं की तो हातोडा नेमका पुढच्या जागी नेतोय. थोडा वेळ बघत राहिलं की उलगडतं: हातोडा दर वेळी एकाच जागी पडतोय, खाली जिथे आधार आहे तिथेच. सरकतंय ते भांडं. डावा हात ते तसूतसू फिरवतो आणि ओळ सरळ राहते ती त्या हातामुळे. सगळ्यांचं लक्ष उजव्या हाताकडे असतं. हे वाक्य कुठल्याही पुस्तकातून मिळणार नाही. ते दहा मिनिटं उभं राहिल्यावर मिळतं, आणि एकदा मिळालं की तांबट आळीवरचा लेख कुठून सुरू करायचा हा प्रश्न उरत नाही.

पायांसाठी नदीकाठ. ओंकारेश्वरापासून शहराकडे निघालं की रस्ता हलका चढतो. दुचाकीवरून हा चढ जाणवत नाही, चालताना पोटऱ्यांना जाणवतो. आता यात १२ जुलै १९६१ ही तारीख आणून बसवा. बांधकाम पुरतं झालेलं नसलेलं पानशेतचं धरण त्या सकाळी फुटलं, पाठोपाठ खडकवासल्याचं गेलं आणि मुठेकाठच्या पेठांमध्ये पाणी शिरलं. नारायण, शनिवार, कसबा, सोमवार इथली घरं पडली, संसार वाहून गेले. कुठलं घर वाचलं आणि कुठलं गेलं हे ठरवण्यात या हलक्या चढाचा मोठा वाटा होता. काही इमारतींवर पाण्याच्या पातळीची खूण आजही केलेली आहे. ती शोधत चाला.

आणि सत्तरी ओलांडलेलं कुणी ओट्यावर बसलेलं दिसलं तर विचारा, "आजोबा, पाणी कुठवर आलं होतं?" इथे एक गंमत बघायला मिळते. लोक फूट किंवा मीटर सांगत नाहीत, उठतात आणि हात दाखवतात. भिंतीवर, दाराच्या चौकटीवर, कधी शेजारच्या विजेच्या खांबावर. हात कुठे टेकला ते लिहा, 'महापुराच्या आठवणींनी त्यांचे डोळे पाणावले' हे लिहू नका. डोळे पाणावले असतील तरीही.

नाकासाठी रविवार पेठ आणि मंडई पुरेशी आहेत, जास्त सांगत नाही.

माणसांशी बोलणं

'हे दुकान किती जुनं आहे?' हा प्रश्न विचारू नका. त्याला ठरलेलं उत्तर असतं, ते दर वर्षी एखाद्या पत्रकाराला देऊन गुळगुळीत झालेलं असतं. कामाबद्दल विचारा. 'हे कुलूप असं उलटं का लावता?', 'पावसात इथे पाणी तुंबतं का?', 'दुपारी डबा कुठून येतो?' माणूस आपल्या कामाबद्दल बोलायला लागला की इतिहास आपोआप मागून येतो: 'आमच्या वडिलांच्या वेळी इथे पायरी होती, रस्ता वर आला तशी ती गाडली गेली.' झालं, रस्त्याची उंची वाढल्याची गोष्ट मिळाली.

काका, मावशी, दादा, ताई म्हणायला संकोच नको, पेठेत 'सर' म्हटलं की समोरचा सावध होतो. गिऱ्हाईक आलं की बाजूला व्हा. आणि बोलणं रंगलं की स्वच्छ सांगून टाका की मी लिहिते, यातलं काही लिहिलं तर चालेल का. बहुतेक लोक हो म्हणतात आणि मग जास्त जपून बोलतात, तेवढा तोटा सोसावा. लहान मुलांचे, झोपलेल्या माणसांचे, घराच्या उघड्या दारातून दिसणाऱ्या आतल्या जागेचे फोटो घेऊ नयेत.

एक अवघड गोष्ट टाळून चालणार नाही. जुन्या आळ्या धंद्यांच्या होत्या, म्हणजेच जातींच्या होत्या. 'गुण्यागोविंदानं नांदणाऱ्या पेठा' हे वाक्य लिहिण्याआधी आपण वाटेत कुणाच्या ओट्यावर बसलो आणि कुणाच्या नाही, ते तपासा. इरावती कर्वे पंढरीच्या वारीला गेल्या आणि त्यावर त्यांनी 'वाटचाल' हा लेख लिहिला. महाराष्ट्राची त्यांना सापडलेली व्याख्या, म्हणजे ज्या भागातले लोक पंढरीला जातात तो महाराष्ट्र, सगळ्यांना पाठ असते. पण त्याच लेखात एकाच विठ्ठलाकडे निघालेल्या दिंड्या जातवार वेगळ्या चालतात, वेगळ्या जेवतात, हेही त्यांनी टिपलं आहे आणि त्यांना ते बोचलं आहे. हे दोन्ही त्यांना एकाच वाटेवर दिसलं, कारण त्या एका दिंडीतून दुसऱ्या दिंडीत जात-येत होत्या. आपल्या वाटेवरही अशी ये-जा करावी लागते. रोज एकाच टपरीवर चहा घेतला तर एकाच टपरीचं गाव कळेल.

डायरीत काय लिहायचं

वर तारीख, वेळ, हवा. त्याखाली फक्त नामं, क्रियापदं आणि कानावर पडलेली वाक्यं. विशेषणांना डायरीत बंदी. 'गजबजलेली मंडई' ही नोंद महिन्याभरानं वाचली तर तिच्यातून काहीही परत येत नाही. याउलट अशा ओळी बघा:

'हमालानं डोक्यावरची पाटी उतरवली नाही, गुडघ्यात वाकून ताडपत्रीखालून गेला.'
'लिंबं मोजून, आलं अंदाजानं.'
'कसब्यात गणपतीसमोर स्कूटर थांबली. पाय जमिनीला नाही, हेल्मेट काढलं नाही, एका हातानं नमस्कार, सिग्नल.'
'बोहरी आळी. "स्टीलचा नको, लोखंडी द्या, गावाला पाठवायचाय."'

शेवटच्या ओळीत एक अख्खी कथा आहे, ती लगेच लिहायला घेऊ नका, नुसती टिपून ठेवा.

नोंदी त्याच दिवशी, जमलं तर अंघोळीच्या आधी, उलगडून लिहा. 'माझा प्रवास' लिहिणारे वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७ साली निघाले ते मथुरेच्या यज्ञात दक्षिणा मिळेल या आशेनं आणि सापडले बंडाच्या धामधुमीत. परत येताना त्यांनी काशीहून गंगेची कावड आणली. ही सगळी हकिगत त्यांनी पुढे पाव शतकानं, १८८३च्या सुमारास लिहून काढली, छापून तर १९०७ साली आली. पंचवीस वर्षं डोक्यात ठेवून लिहिणं त्यांना जमलं. आपल्याला परवा दुपारी भाजीवाल्या मावशी काय म्हणाल्या ते आज नीट आठवत नाही, म्हणून डायरी.

कागदांकडे कधी वळायचं

चार-पाच फेऱ्या झाल्या, प्रश्न साठले, की मग वाचनालय. आधी नाही. प्रश्न घेऊन गेलं की जाडजूड ग्रंथातलंही हवं ते पान उघडतं.

उदाहरणार्थ फडके हौद चौक. चौक आहे, रहदारी आहे, हौद कुठाय? हा प्रश्न घेऊन निघालात की कात्रजपर्यंत पोचता. नानासाहेब पेशव्यांच्या काळात, अठराव्या शतकाच्या मध्यावर, कात्रजला तलाव बांधून तिथलं पाणी जमिनीखालच्या बांधीव नळातून, निव्वळ उतारावर, शहरात आणलं. हवा खेळती राहावी म्हणून वाटेत उच्छ्वास उभारले. शहरात ते पाणी हौदांत पडे: काळा हौद, बदामी हौद, सदाशिव पेठेतला हौद. पुढे घरोघर नळ आले, हौद निरुपयोगी झाले, काही बुजले, काहींची नावं तेवढी चौकाला आणि बसथांब्याला उरली. आता पायांच्या फेरीत कळलेला उतार आणि हा उतार शेजारी ठेवा. एका बाजूनं कात्रजचं पाणी शहरात उतरत होतं, दुसऱ्या बाजूनं नदीचं पाणी एका सकाळी शहरात चढलं. ही जोडी मला ग्रंथालयात बसून सुचली नसती.

आप्पा बळवंत चौकाजवळची तपकीर गल्लीही अशीच. आज तिथे वायरी, पंखे, दिव्यांच्या माळा मिळतात. तपकिरीचा धंदा कधी उतरला, विजेचं सामान आधी कुणी ठेवलं, शेजाऱ्यानं बघून कधी ठेवलं, हे कुठल्या ग्रंथापेक्षा गल्लीतल्या दुकानांच्या जुन्या पाट्या आणि जुने नोकर जास्त सांगतील.

कागदांसाठी दोन ठिकाणं पुरतात. पुणे जिल्ह्याचं इंग्रजी गॅझेटिअर, १८८५चं, तीन भागांत आहे. त्याच्या तिसऱ्या भागात पेठवार वर्णन आहे आणि ते आंतरजालावर फुकट वाचता येतं. साहेबाची नजर आहे हे लक्षात ठेवून वाचावं. दुसरं, सदाशिव पेठेतलं भारत इतिहास संशोधक मंडळ. ज्या वि. का. राजवाड्यांनी १९१० साली ते स्थापन केलं, त्यांनी स्वतः गावोगाव हिंडून, वाड्यांच्या माळ्यांवरची दप्तरं उपसून मराठ्यांच्या इतिहासाची साधनं गोळा केली. दप्तरं आपण होऊन पुण्याला चालत आली नव्हती.

देवांच्या नावांच्या बाबतीत मात्र जपून. खुन्या मुरलीधर, पासोड्या विठोबा, जिलब्या मारुती, उपाशी विठोबा, प्रत्येकामागे दोन-तीन आख्यायिका आहेत आणि सांगणारा प्रत्येक जण छातीठोकपणे सांगतो. लेखात 'असं सांगतात' एवढं म्हणून कुणी सांगितलं ते लिहावं. सांगणारा पुजारी होता की समोरचा पानवाला, यावरून गोष्टीचा रंग बदलतो.

मसुदा

सगळी वाट लेखात घेऊ नका. तीन किलोमीटर चालून झाल्यावर लिहायचं असतं वीस मीटरबद्दल. तांबट आळीतला तो डावा हात, किंवा पुराची खूण, किंवा मंडईतली ताडपत्री. उरलेली वाट वाया जात नाही, ती वाक्यांच्या पाठीशी उभी असते.

चालण्याचा क्रम हाच लेखाचा क्रम ठेवायची सवय मोडा. 'मी निघाले, मग उजवीकडे वळले, पुढे आले' ही वाक्यं मसुद्यात येणारच, दुसऱ्या हातात ती पुसा. ज्या वस्तूपाशी पाय थांबले तिथून सुरुवात करा. इतिहासाची तारीखही तिथेच द्या, जिथे ती दिसते: भिंतीवरची खूण आली की १९६१ येऊ द्या, त्याआधी नाही. ओंकारेश्वराचा सगळा इतिहास पहिल्या परिच्छेदात ओतला की वाचक तिथेच चपला काढून बसतो, पुढे येत नाही.

मग प्रत्येक वाक्याला एक परीक्षा लावा: हे वाक्य उचलून नाशिकच्या लेखात ठेवलं तर चालेल का? चालत असेल तर खोडा. 'अरुंद गल्ल्यांमधून वाट काढत', 'काळाच्या ओघात', 'आजही तो वारसा जपून आहे', ही सगळी या चाळणीतून खाली पडतात. मसुदा निम्मा झाला तरी घाबरायचं कारण नाही, उरलेला निम्मा पुण्याचाच असेल.

कथा लिहिणाऱ्यांसाठी थोडं वेगळं. पात्राला ही वाट द्या, पण कामासकट. ती मंडईतून कसब्यात माहेरी निघाली आहे, हातात जड पिशवी, आणि तिला एका दुकानासमोरून जायचं नाहीये. का, ते तुम्हाला माहीत हवं. आता तिच्यासारखी जड पिशवी घेऊन ती वाट खरोखर चाला. ते एक दुकान टाळायचं तर कुठला बोळ लागतो, किती उशीर होतो, पिशवीचा हात किती वेळा बदलावा लागतो. वाचकाला यातलं एकच काहीतरी सांगायचं आहे, पण माहीत सगळं हवं. द. बा. मोकाशी आधी कथाकार, पण पालखीबरोबर पंढरपूरला चालले आणि 'पालखी' लिहिलं तेव्हा त्यात त्यांनी पायांचे फोड, मुक्कामाच्या सोयी-गैरसोयी, सोबतीची माणसं, हे सगळं येऊ दिलं. भक्तीबद्दलच्या शंकाही त्यांनी चालता चालताच मांडल्या.

वाक्यांची चालही ऐका. गर्दीतल्या परिच्छेदात लांब, अडखळत जाणारी वाक्यं आपोआप येतात, दुपारच्या शुकशुकाटात आखूड. हे मुद्दाम घडवायला गेलं की कसरत दिसते. मोठ्यानं वाचून जिथे दम लागतो तेवढंच दुरुस्त करावं.

मसुदा घेऊन परत वाटेवर

शेवटची फेरी छापील मसुदा हातात घेऊन. जिथलं वर्णन आहे तिथे उभं राहून ते वाचा. दहातल्या दोन गोष्टी तरी चुकलेल्या असतात: डाव्या बाजूचं दुकान उजवीकडे गेलेलं असतं, नसलेलं झाड उगवलेलं असतं, निळं शटर हिरवं झालेलं असतं. तिथल्या तिथे पेन्सिलीनं दुरुस्त करा. काही वेळा जागाच बदललेली असते, वाड्यावर बिल्डरचा फलक लागलेला असतो. तो फलकही लेखात घ्या, त्यावर कितव्या मजल्याला काय भाव लिहिलाय त्यासकट.

ज्यांच्याशी बोललात त्यांची नावं छापण्याआधी पुन्हा विचारा. भाडेकरूंचे दावे, भावांच्या वाटण्या, उधाऱ्या, पेठेत एका नावावरून कुठला धागा कुठे जाईल सांगता येत नाही. शंका असेल तर नाव गाळून कामानं ओळख द्या, 'मठारकाम करणारे काका' पुरतं. लेख आल्यावर एक प्रत त्यांना नेऊन द्या. ते बहुधा आधी फोटो आहे का ते बघतील, मग घंगाळाचा भाव चुकीचा छापलाय म्हणून सांगतील, आणि शेजारच्या दुकानदारालाही वाचायला देतील. त्या शेजाऱ्याला सांगण्यासारखं बरंच काही असतं, तेव्हा डायरी बरोबर असू द्या.